मोफत मराठी कादंबऱ्या मोबाइलवर: सांगली-साताऱ्याकडून वारंवार येणारे प्रश्न

सांगली-मिरजेतून, तासगाव-विट्याकडून, पार कराड-कोरेगावपर्यंतच्या वाचकांकडून व्हॉट्सॲपवर तेच ते प्रश्न येत राहतात. प्रत्येकाला वेगळं टाइप करून सांगण्यापेक्षा एकदाच नीट लिहून ठेवलेलं बरं. प्रश्न शक्यतो विचारणाऱ्याच्याच शब्दांत ठेवले आहेत. एका उत्तरात आलेलं दुसऱ्यात पुन्हा लिहिलेलं नाही, तिथे प्रश्नाचा क्रमांक दिला आहे. कायद्याचं जे काही आहे ते भारतातल्या नियमांना धरून आहे.

१. मराठी कादंबऱ्या खरंच फुकट मिळतात, की त्यात काही गोम आहे?

मिळतात, आणि गोम नाही. मात्र फुकट का आहे, हे प्रत्येक पुस्तकाबाबत सांगता आलं पाहिजे. एक तर त्या पुस्तकाच्या स्वामित्वहक्काची (कॉपीराइटची) मुदत संपलेली असते, म्हणजे ते कुणीही छापावं, वाचावं, वाटावं. किंवा हयात लेखकाने (किंवा वारसांनी) स्वतःहून "मोफत द्या" असं सांगितलेलं असतं. किंवा एखाद्या सरकारी संस्थेने आपलं प्रकाशन संकेतस्थळावर खुलं ठेवलेलं असतं. यातलं एकही कारण नसेल तर ती पीडीएफ कुणीतरी विनापरवाना फिरवलेली आहे, एवढं समजायचं.

२. मुदत संपली की नाही, हे मोजायचं कसं?

स्वामित्वहक्क कायदा १९५७ सालचा आहे. त्यानुसार लेखकाच्या हयातीत आणि मृत्यूनंतर ६० वर्षे हक्क टिकतो. ही ६० वर्षे मृत्यूच्या तारखेपासून मोजायची नाहीत, पुढच्या वर्षाच्या १ जानेवारीपासून मोजायची. साने गुरुजी ११ जून १९५० रोजी गेले. मोजणी १ जानेवारी १९५१ पासून, मुदत संपली ३१ डिसेंबर २०१० रोजी, आणि १ जानेवारी २०११ पासून त्यांचं त्यांच्या हयातीत प्रसिद्ध झालेलं सगळं लेखन खुलं. सोपं करून सांगायचं तर मृत्यूच्या वर्षात ६१ मिळवा. येईल त्या वर्षाच्या १ जानेवारीला पुस्तक मोकळं.

पुस्तक कधी छापलं याचा इथे संबंध नाही, आणि नेमका तिथेच बहुतेकांचा घोळ होतो. "१९४० सालची कादंबरी आहे, जुनीच की!" असं म्हणून चालत नाही. लेखक २००० साली गेला असेल तर ती २०६१ पर्यंत बंदच.

मृत्यूचं वर्ष शोधायला मराठी विश्वकोशासारखं दुसरं साधन नाही. त्याचं काम वाईतून चालत आलंय, म्हणजे आपल्या शेजारच्याच जिल्ह्यातून, आणि सगळे खंड संकेतस्थळावर मोफत वाचता येतात. लेखकाचं आडनाव टाका, नोंदीच्या पहिल्याच ओळीत कंसात जन्म आणि मृत्यू दिलेला असतो.

३. मृत्युंजय, ययाति, बनगरवाडी, फकिरा यांची पीडीएफ पाठवाल का?

नाही. सगळ्यात जास्त वेळा येणारा प्रश्न हाच, म्हणून वर्षांसकट उत्तर देतो. शिवाजी सावंत २००२ साली गेले, त्यामुळे 'मृत्युंजय' २०६३ मध्ये खुली होईल. वि. स. खांडेकर सांगलीत जन्मले म्हणून आपल्याला जवळचे वाटतात, पण ते गेले १९७६ साली. 'ययाति'ला १ जानेवारी २०३७ उजाडावा लागेल. व्यंकटेश माडगूळकर २००१, म्हणजे 'बनगरवाडी' २०६२. अण्णा भाऊ साठे १८ जुलै १९६९ रोजी गेले. वाटेगावच्या या माणसाचं लेखन १ जानेवारी २०३० पासून सर्वांचं होईल. या चारांत सगळ्यात जवळ 'फकिरा' आहे, ती तोवर वाचनालयातून आणा (प्रश्न १७).

४. मग शोधायचं कुठे?

पहिलं ठिकाण मराठी विकिस्रोत. विकिपीडियाचंच भावंड आहे, पण इथे लेख नसतात, अख्खी पुस्तकं असतात. मजकूर युनिकोडमध्ये टाइप झालेला असतो, त्यामुळे मोबाइलवर अक्षर हवं तेवढं मोठं करता येतं आणि ईपब (ई-पुस्तकाची फाइल, प्रश्न १० पाहा) करून उतरवूनही घेता येतं. पुस्तकं मोजकी, पण जी आहेत ती वाचायला सुखाची.

दुसरं इंटरनेट आर्काइव्ह. इथे साठा प्रचंड आहे, कारण डिजिटल लायब्ररी ऑफ इंडिया या सरकारी प्रकल्पात देशभरच्या ग्रंथालयांतून स्कॅन झालेली पुस्तकं पुढे इथे येऊन पडली. पानांचे फोटोच समजा. वाचनालयाचा गोल शिक्का, शाईने लिहिलेला दाखल क्रमांक, समासात कुणीतरी पेन्सिलीने मारलेला शेरा, एखाद्या पानावर स्कॅन करणाऱ्याचा अंगठासुद्धा. मला ते आवडतं. काहींना वैताग येतो.

ई साहित्य प्रतिष्ठान आजच्या लेखकांची पुस्तकं त्यांच्या परवानगीने मोफत देतं. नवे लेखक, सामाजिक, रहस्य, ऐतिहासिक, सगळं आहे. दर्जा कमी-जास्त असणारच. वीस पानं वाचायची, जमलं तर पुढे जायचं.

महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाची पुस्तकंही संकेतस्थळावर मोफत आहेत, पण कादंबरीच्या आशेने जाऊ नका. तिथे चरित्रं, इतिहास, समीक्षा असा ऐवज जास्त. खरगपूरच्या आयआयटीने उभी केलेली राष्ट्रीय डिजिटल लायब्ररी मुख्यतः सूची म्हणून वापरावी. पुस्तक बऱ्याचदा दुसऱ्याच ठिकाणी उघडतं.

५. आर्काइव्हवर नाव टाकलं तर काहीच येत नाही. पुस्तक नाहीच का तिथे?

बहुधा असतं, नाव वाकडं टाकलेलं असतं. डिजिटल लायब्ररीच्या वेळी नावं रोमन लिपीत भरली गेली, तीही आकाराला दोन 'ए', ईकाराला दोन 'आय' असल्या पद्धतीने. त्यामुळे देवनागरीत शोधून हाताला काही लागत नाही. लेखकाचं नुसतं आडनाव रोमन अक्षरांत टाका आणि बाजूच्या गाळणीत भाषा मराठी निवडा. तरी नाही मिळालं तर भाषा हिंदी करून बघा; मराठी पुस्तकं चुकून तिथे नोंदलेली सापडतात.

विकिस्रोतवर अडचण वेगळी. 'उषःकाल' लिहिताना आपण विसर्गाऐवजी कीबोर्डवरचा अपूर्णविरामाचं दोन टिंबांचं चिन्ह देतो. दिसायला दोन्ही सारखे, पण संगणकाला ती वेगळी अक्षरं. तसंच 'हरि' आणि 'हरी'. जुन्या पुस्तकांत नाव ऱ्हस्व, आपण टाइप करतो दीर्घ. दोन्ही रूपं टाकून पाहायची सवय लावून घ्या.

६. आर्काइव्हवर आहे म्हणजे कायदेशीरच असणार ना?

नाही. तिथे कुणीही काहीही चढवू शकतो, आणि सरकारी स्कॅनिंगमध्येही मुदत न संपलेली पुस्तकं गेलेली आहेत. ठिकाणावर भरवसा ठेवू नका, प्रश्न २ मधला हिशेब करा.

७. सुरुवात कुठल्या कादंबरीपासून करू? जुन्या म्हणजे कंटाळवाण्याच ना?

या प्रश्नाला मी दरवेळी जरा जास्तच लांब उत्तर देतो.

'पण लक्षात कोण घेतो' पासून सुरुवात करा. हरि नारायण आपटे यांनी ती आपल्या 'करमणूक' साप्ताहिकात हप्त्याहप्त्याने छापली. आठवड्यातून एकदा वाचणाऱ्याला धरून ठेवायचं, या हिशेबाने लिहिलेली असल्यामुळे ती मोबाइलवर तुकड्यातुकड्याने वाचायला आजही सोयीची पडते. नायिका यमू स्वतःच बोलते, लहानपणापासूनचं सांगत जाते, आणि सुरुवातीची शंभरेक पानं तर घरातल्या बायकांच्या बोलण्याचीच आहेत. पुढे काय होतं ते सांगत नाही. वैधव्य आणि केशवपन यांबद्दल आपण शाळेत दोन ओळी शिकलेलो असतो. इथे ते एका ओळखीच्या झालेल्या मुलीवर येतं.

आपट्यांचीच 'उषःकाल' शिवकाळावरची, जाडजूड आणि निवांत. वर्णनं लांबतात, तिथे बेधडक पानं उलटा. शिवकाळच हवा पण वेगाने, तर नाथमाधव. त्यांचीच 'वीरधवल' शिवकाळावरची नाही, अद्भुतरम्य आहे, पण चौदा-पंधरा वर्षांच्या मुलामुलींच्या हाती द्यायला चांगली आहे, तलवारी आणि कारस्थानं भरपूर.

विचार करायला लावणारं हवं असेल तर वामन मल्हार जोशींची 'रागिणी' किंवा ज्ञानकोशकार केतकरांची 'ब्राह्मणकन्या'. केतकरांची भाषा ओबडधोबड आहे, कथानक मध्येच सोडून ते वादच घालत बसतात. पण जात, लग्न आणि समाज याबद्दल त्यांनी १९३० च्या सुमाराला जे प्रश्न विचारून ठेवलेत, ते वाचताना आजही माणूस सावरून बसतो. मर्ढेकरांना आपण कवी म्हणूनच ओळखतो. त्यांच्या कादंबऱ्याही २०१७ पासून खुल्या आहेत. 'रात्रीचा दिवस' अवघड आहे, पहिली म्हणून घेऊ नका.

आणि काशीबाई कानिटकर. जन्म आपल्या आष्ट्याचा, १८६१ चा. मुलींना शिकवत नसत त्या काळात शिकल्या, 'रंगराव' आणि 'पालखीचा गोंडा' या कादंबऱ्या लिहिल्या. १९४८ साली गेल्या, म्हणजे त्यांचं लेखन २००९ पासून खुलं. आष्ट्यातल्याच लोकांना हे नाव ठाऊक नसतं, याचं मला दरवेळी नवल वाटतं.

बाबा पदमनजींची 'यमुनापर्यटन' १८५७ ची, मराठीतली पहिली कादंबरी म्हणून तिचं नाव घेतात. तिच्यातही नायिका यमुना आणि विषय विधवांचाच, म्हणून आपट्यांच्या यमूनंतर वाचली तर मजा येते. नुसती कादंबरी म्हणून वाचायला घेतलीत तर ती धर्मोपदेशाकडे झुकते, हे आधीच सांगून ठेवतो.

८. 'नाहीं', 'कांहीं', 'घरीं' असं छापलंय. टाइप करणाऱ्याच्या चुका आहेत का?

चुका नाहीत, तेव्हाचं शुद्धलेखनच तसं होतं. साहित्य महामंडळाचे १४ नियम १९६२ साली आले, १९७२ साली आणखी चार वाढले, आणि हे उच्चारात नसलेले अनुस्वार गेले. विकिस्रोतवर मूळ छापील रूप जसंच्या तसं ठेवायचा प्रघात आहे. १९३० ते ५० च्या काही पुस्तकांत 'इ'च्या जागी 'अि' आणि 'उ'च्या जागी 'अु' दिसेल, ती सावरकरांनी पुरस्कारलेली लिपीसुधारणा. दहा-बारा पानांत डोळा सरावतो.

९. विकिस्रोतवर पानांच्या आकड्यांना लाल, पिवळा, हिरवा रंग का असतो?

स्कॅनवरून संगणकाने अक्षरं ओळखली, पण माणसाने अजून तपासली नाहीत ते पान लाल. एकाने मूळ पानाशी ताडून पाहिलं की पिवळं, दुसऱ्यानेही पाहिलं की हिरवं. लाल पानं भरपूर असलेली कादंबरी वाचायला घेतली तर 'ध' चा 'घ' आणि 'भ' चा 'म' झालेला सोसावा लागेल. हे काम स्वयंसेवक करतात. खातं उघडून रोज एक पान तुम्हीही तपासू शकता. शाळेतून निवृत्त झालेल्या मराठीच्या बाईंना किंवा सरांना यापरतं चांगलं काम नाही.

१०. पीडीएफ घेऊ की ईपब?

मिळत असेल तर ईपब. पीडीएफमध्ये पान ठरलेलं असतं, ईपबमध्ये मजकूर पडद्याच्या मापाने वाहतो. स्कॅन केलेली कादंबरी कित्येक एमबींची असते, तीच ईपबमध्ये एखाद्या फोटोएवढी. गावाकडे रेंजची बोंब असेल तर हा फरक मोठा. स्कॅनचा फायदा एकच, छापील पान जसं होतं तसं दिसतं. संदर्भ द्यायचा असेल तेव्हा तेच लागतं.

११. स्कॅन पीडीएफची अक्षरं मुंगीएवढी दिसतात. वडिलांना वाचता येत नाही.

मोबाइल आडवा धरा आणि पान रुंदीला बसवा. मग एका वेळी अर्धं पान दिसेल, पण अक्षर दीडपट-दुप्पट होईल. पीडीएफ वाचण्याच्या काही ॲपमध्ये चारी बाजूंचा कोरा समास कापायची सोय असते, जुन्या पुस्तकांचे समास ऐसपैस असल्याने तिचा चांगला उपयोग होतो. एवढं करूनही त्रास होत असेल तर टॅबलेट घ्या, नाहीतर सरळ प्रिंट काढा. हक्कमुक्त पुस्तकाची प्रिंट काढून स्पायरल बाइंडिंग करायला कुणाची ना नाही. झेरॉक्सवाल्याला "एका बाजूला एकच पान" असं बजावून सांगा, नाहीतर तो कागद वाचवायला दोन पानं शेजारी शेजारी छापतो आणि अक्षर पुन्हा होतं तेवढंच.

१२. काही फाइलींत मजकूर कॉपी केला की भलतीच चिन्हं येतात, काहींत मधेच चौकोन दिसतात.

चिन्हं येतात ती फाइल युनिकोडच्या आधीच्या फॉन्टमध्ये केलेली असते. दिसायला मराठी, पण आतून रोमन अक्षरं. वाचायला अडचण नाही. शोधता येत नाही आणि मोबाइलला वाचून दाखवता येत नाही. त्या त्या फॉन्टचे परिवर्तक मिळतात, पण जोडाक्षरं तपासून घ्यावी लागतात.

चौकोन दिसतात तिथे उलटी गोष्ट. फाइल चांगली असते, फोन जुना असतो. 'ॲ' हे अक्षर आणि 'ऱ्या' मधला अर्धा र, हे दोन्ही जुन्या फोनमधल्या फॉन्टना पेलत नाहीत. वाचनाच्या ॲपमध्ये फॉन्ट बदलून पाहा.

१३. किंडल घेतलं तर मराठी नीट दिसतं का?

दिसतं. किंडलवर मराठी पुस्तकं २०१६ च्या डिसेंबरपासून विकायला आली. स्वतःकडची ईपब 'सेंड टू किंडल' सोयीने पाठवता येते. सहा इंची किंडलवर स्कॅन पीडीएफ मात्र वाचू नका, प्रश्न ११ मधलं सगळं दुखणं तिथे जास्तच जाणवेल. केवळ मोफत पुस्तकांसाठी एवढा खर्च करू नये असं माझं मत. आधी मोबाइलवर दोन कादंबऱ्या संपवा, मग ठरवा.

१४. टेलिग्रामच्या ग्रुपवर सगळंच मिळतं. सगळेच घेतात. मग आपण घेतलं तर काय बिघडलं?

कायद्याचं आधी. कलम ६३ नुसार जाणूनबुजून हक्कभंग करणाऱ्याला सहा महिने ते तीन वर्षे कैद आणि ५० हजार ते दोन लाख रुपये दंड आहे. नफ्यासाठी केलेलं नसेल तर न्यायालय शिक्षा कमी करू शकतं, पण गुन्हा तो गुन्हाच. ग्रुपवर फाइल पुढे ढकलणारा यात पहिला सापडतो.

आता व्यवहाराचं. मराठी कादंबरीची हजार प्रतींची आवृत्ती संपायला कित्येकदा वर्षं लागतात. त्यात ज्यांनी पुस्तक विकत घेतलं असतं अशा दोनशे जणांना पीडीएफ मिळाली, तर दुसरी आवृत्ती निघतच नाही. "वाचन वाढतंय ना" असं यावर म्हणतात. ज्या ग्रुपमध्ये चार हजार पुस्तकं पडलेली असतात, तिथे लोक उतरवून घेतात, वाचत नाहीत. कुणालाही विचारून पाहा, यातली शेवटची पूर्ण वाचलेली कुठली.

आणखी एक. कादंबरीच्या नावाने आलेल्या फाइलचा शेवट 'एपीके' असेल तर ते पुस्तक नव्हे, ॲप आहे. उघडू नका. बँकेचे मेसेज वाचणारी ॲप याच मार्गाने फोनमध्ये घुसतात. पुस्तकाची फाइल पीडीएफ, ईपब किंवा क्वचित मोबी असते.

१५. आजीला आता दिसत नाही. वाचून दाखवणारं काही आहे का?

अँड्रॉइड फोनमध्ये मजकूर वाचून दाखवायची सोय असते, तिला मराठी आवाज निवडता येतो. विकिस्रोतवरचा मजकूर ती वाचेल, स्कॅन पीडीएफ नाही. आवाज यांत्रिक असतो, 'नाहीं' चा अनुस्वार इमानाने उच्चारतो आणि आजी हसतात. पण चालतं.

दृष्टिबाधितांसाठी 'सुगम्य पुस्तकालय' नावाचं ऑनलाइन ग्रंथालय आहे. कायद्यातल्या २०१२ च्या दुरुस्तीने अपंग व्यक्तींना वाचता येईल अशा रूपात पुस्तक करून देण्याला सूट दिली आहे, त्यामुळे प्रश्न ३ मधल्यासारखी हक्क शाबूत असलेली पुस्तकंही तिथे कायदेशीरपणे असू शकतात. सभासद होताना अपंगत्वाचा दाखला लागतो.

१६. यूट्यूबवर स्वतःच्या आवाजात कादंबरी वाचून टाकली तर?

मुदत संपलेली असेल तर खुशाल टाका. नसेल तर अख्खी कादंबरी वाचायला परवानगी लागते. "लेखकाचं नाव दिलंय" म्हणून ती मिळाल्यासारखी होत नाही. आणि आपट्यांची कादंबरी खुली असली तरी ती दुसऱ्या कुणी वाचून ध्वनिमुद्रित केली असेल, तर त्या मुद्रणाचा हक्क त्याचा असतो. ते उचलून आपल्या चॅनेलवर लावू नका.

१७. मोफत डिजिटल मिळतच नाही अशा कादंबरीचं काय करायचं?

वाचनालयात जा. महाराष्ट्रात सार्वजनिक ग्रंथालयांचा कायदा १९६७ पासून आहे, अ, ब, क, ड वर्गांची अनुदानित वाचनालयं तालुक्याला, मोठ्या गावांना आहेत. अनामत आणि किरकोळ वर्गणी. पाहिजे ते पुस्तक नसेल तर ग्रंथपालांकडे मागणी नोंदवा. खरेदीच्या यादीत वाचकांनी मागितलेली नावं जातात, फक्त मागणारे वाचकच कमी असतात. एखादा दिवस मोकळा असेल तर पाचगणीजवळचं भिलार आहेच. ४ मे २०१७ पासून ते पुस्तकांचं गाव झालंय, घराघरांत पुस्तकं मांडलेली आहेत, तिथे बसून वाचायला पैसे पडत नाहीत.

१८. ना. ह. आपटे यांची कादंबरी मिळाली. आपटे १९१९ साली गेले ना? मग खुली आहे ना?

हे दोन वेगळे आपटे आहेत, आणि आपल्या भागात हा घोटाळा फार होतो. हरि नारायण आपटे १९१९ साली गेले. नारायण हरि आपटे म्हणजे कोरेगावला राहिलेले, ज्यांच्या 'न पटणारी गोष्ट' वरून प्रभातने १९३७ साली 'कुंकू' चित्रपट काढला, ते. ते गेले १९७१ साली. म्हणून त्यांच्या कादंबऱ्यांसाठी २०३२ पर्यंत थांबावं लागेल. स्कॅनच्या यादीत दोघांची नावं "आपटे एच. एन." आणि "आपटे एन. एच." अशी असतात, तीही कधी कधी अदलाबदल झालेली. मुखपृष्ठानंतरचं पान उघडून पूर्ण नाव वाचल्याशिवाय ठरवू नका.

१९. लेखकाने टोपणनावाने लिहिलं असेल तर?

खरी व्यक्ती कोण हे उघड झालेलं असेल, तर हिशेब त्या व्यक्तीच्या मृत्यूवरून. 'विभावरी शिरूरकर' म्हणजे मालतीबाई बेडेकर. त्या २००१ साली गेल्या, म्हणून १९३० च्या दशकातलं त्यांचं लेखनही २०६२ मध्ये खुलं होईल. लेखक शेवटपर्यंत अज्ञात राहिला असेल तर प्रकाशनापासून ६० वर्षे. लेखकाच्या मृत्यूनंतर प्रथमच छापलेल्या पुस्तकालाही प्रकाशनापासूनच मोजतात. दोघांनी मिळून लिहिलं असेल तर जो मागाहून गेला त्याचं वर्ष धरायचं.

२०. मूळ लेखक बंगाली, मराठी अनुवाद दुसऱ्याचा. कुणाचं वर्ष धरायचं?

दोघांचंही. शरच्चंद्र चट्टोपाध्याय १९३८ साली गेले, त्यांचं मूळ लेखन केव्हाच खुलं झालं. पण त्यांना मराठीत आणणारे मामा वरेरकर १९६४ साली गेले, म्हणून वरेरकरांचे अनुवाद १ जानेवारी २०२५ पासून मोकळे. त्याच कादंबरीचा आजच्या अनुवादकाने केलेला अनुवाद मात्र त्याचाच.

२१. आपट्यांच्या कादंबरीच्या नव्या आवृत्तीवर "सर्व हक्क प्रकाशकाधीन" असं छापलंय. मग?

त्या आवृत्तीतली नवी प्रस्तावना, टीपा, मुखपृष्ठाचं चित्र यांचा हक्क असतो, आपट्यांच्या शब्दांचा नाही. नवी आवृत्ती स्कॅन करून वाटू नका. जुनी आवृत्ती शोधा, ती वाटा. जुन्या आवृत्तीवर साल शके असेल तर ७८ मिळवा. शके १८४७ म्हणजे १९२५.

२२. मुलगा न्यू जर्सीत आहे. त्याला 'श्यामची आई' ची फाइल पाठवू का?

भारतात ती खुली आहे, हे प्रश्न २ मध्ये आलंच. अमेरिकेचा हिशेब निराळा. तिथे अशा जुन्या पुस्तकांना प्रकाशनापासून ९५ वर्षे धरतात, त्यामुळे १९३५ च्या पुस्तकाची मुदत तिथे २०३० अखेरपर्यंत जाते. विकिमीडियासारखी (विकिपीडिया, विकिस्रोत चालवणारी संस्था) अमेरिकेत सर्व्हर असलेली संकेतस्थळं नवं काही चढवताना म्हणूनच दोन्ही देशांचं वर्ष विचारतात. ह. ना. आपटे, नाथमाधवांची १९२८ पूर्वीची पुस्तकं यांना कुठेच अडचण नाही. मुलाला सुट्टीत आल्यावर छापील प्रतच द्या, ती महागही नाही.

२३. २०१९ च्या पुरात भिजलेल्या जुन्या कादंबऱ्या माळ्यावर आहेत. स्कॅन करून ठेवू का?

ठेवाच. कृष्णेच्या त्या पुरात सांगलीतल्या घराघरांतली आणि वाचनालयांतली पुस्तकं गेली. वाचली आहेत त्यांचा कागदही आता कुरकुरीत झालेला असणार.

पुस्तक पूर्ण सपाट उघडू नका, कणा तुटतो. साधारण काटकोनात उघडं ठेवा आणि आधी सगळी उजवी पानं, मग सगळी डावी असे फोटो काढा. नंतर क्रम लावता येतो. खिडकीशेजारचा दिवसाचा उजेड घ्या, फ्लॅश बंद ठेवा. चिकटलेली पानं ओढून सुटी करू नका. बुरशी असेल तर तोंडाला मास्क लावून मऊ ब्रशने घराबाहेर झाडा. मुखपृष्ठ, आतलं शीर्षकाचं पान आणि मागच्या जाहिराती सोडू नका. आवृत्ती, साल आणि आण्यांतली किंमत तिथेच सापडते. पानांचे आकडे शेवटी एकदा ओळीने तपासा, कारण सरकारी स्कॅनमध्ये सगळ्यात मोठी खोट गाळलेल्या पानांचीच आहे.

स्वतःपुरती प्रत कुठल्याही पुस्तकाची करून ठेवता येते. मुदत संपलेली असेल तर विकिमीडिया कॉमन्सवर चढवा (आधी प्रश्न २२ पाहा), म्हणजे विकिस्रोतवर तिचा मजकूर करता येईल.

२४. आमच्या आजोबांनी १९६८ साली एक कादंबरी लिहिली होती. आता कुठेच मिळत नाही. आम्ही मोफत टाकू शकतो का?

आजोबा गेल्यावर हक्क वारसांकडे येतो, सगळ्या वारसांकडे. एका नातवाने ठरवून भागत नाही. काका, आत्या, चुलत भावंडं, जे कुणी वारस असतील त्यांची लेखी संमती घ्या. साधा कागद चालेल.

मग प्रकाशकाशी झालेला करार शोधा. त्यात आजोबांनी हक्क कायमचे लिहून दिले असतील तर प्रकाशकाला किंवा त्याच्या वारसांना विचारावं लागेल. करारात मुदत लिहिलेली नसेल तर कायदा ती पाच वर्षे धरतो, पण हा नियम १९९० च्या दशकातल्या दुरुस्तीने आला आणि त्याआधीच्या करारांना लागू नाही. म्हणून १९६८ च्या कराराचा नेमका मजकूरच पाहावा लागतो. करार झालाच नसेल, नुसती एका आवृत्तीची तोंडी बोली असेल, तर वकिलाकडून एकदा खात्री करून घ्या.

मार्ग मोकळा असेल तर फाइलवर परवानगी स्पष्ट लिहा. नुसतं "मोफत" लिहिलं की वाचणाऱ्याला कळत नाही की फक्त वाचायचं, पुढे पाठवायचं, की छापायचंही. क्रिएटिव्ह कॉमन्सचे तयार परवाने आहेत, त्यातला एक निवडा. "नाव द्या, विकू नका" असं म्हणणारा परवाना बहुतेक घरांना पटतो. पण पुस्तक विकिस्रोतवर जावं अशी इच्छा असेल तर तो चालत नाही, तिथे विक्रीलाही मुभा देणारा परवाना लागतो. हे ठरवताना घरात चर्चा होते, ती आधीच उरकून घ्या. एकदा दिलेला परवाना मागे घेता येत नाही.